‘पुढच्या महिन्यात पाहू’ याला कोड नाही

महाराष्ट्रातल्या सर्व अस्थिरोगतज्ज्ञांना,



सन्माननीय डॉक्टर,

मी पुण्यात मेडिकल कोडिंग करते. पदवी फिजिओथेरपीची. काही काळ एका क्लिनिकमध्ये लोकांचे आखडलेले खांदे मोकळे करून दिले आणि मग पगाराचा हिशेब मांडून आमच्या बॅचमधल्या अनेकींसारखी मीही या क्षेत्रात आले. अमेरिकेतला डॉक्टर पेशंट तपासतो आणि नोंद लिहितो. ती आमच्या स्क्रीनवर येते. आम्ही ती वाचून निदानाला आणि उपचाराला ठरलेले कोड लावतो, आणि ते पाहून तिथली विमा कंपनी पैसे देते किंवा अडवते. पुण्यात, नवी मुंबईत, हैदराबादला, चेन्नईला हजारो माणसं दिवसभर हेच करत असतात. माझ्याकडे येतात ते बहुतेक हाडांचे चार्ट. म्हणून हे पत्र तुम्हाला.

विषय अगदी छोटा आहे. दंडाचं हाड मोडलं, प्लास्टर झालं किंवा पट्टा लावला, आणि जुळायचं तेव्हा ते जुळलं नाही. पुढेही कदाचित जुळेल, पण आज जुळलेलं नाही. ही मधली अवस्था कागदावर कशी उतरते आणि उतरली नाही तर काय होतं, एवढंच मला सांगायचं आहे.

अमेरिकेत 1 ऑक्टोबर 2015 पासून निदानासाठी आयसीडी-10-सीएम ही कोडपद्धत चालते. त्यातला एक कोड उदाहरणादाखल घेते: एस42.322जी. ‘एस’ म्हणजे इजा. 42 म्हणजे खांदा आणि दंड या भागातलं फ्रॅक्चर. टिंबानंतरचा 3 म्हणजे दंडाच्या हाडाचा मधला दांडा. पुढचा 2 म्हणजे हाड आडवं मोडलंय. त्यापुढचा 2 म्हणजे डावा हात, आणि तुकडे जागेवरून सरकलेले. उरलं शेवटचं अक्षर. सगळी गोष्ट त्या एका अक्षरात असते. ‘ए’ म्हणजे बंद फ्रॅक्चरवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत, ‘बी’ म्हणजे तेच, पण जखम उघडी. ‘डी’ म्हणजे नंतरची भेट, हाड व्यवस्थित जुळतंय. ‘जी’ म्हणजे नंतरची भेट, जुळायला उशीर होतोय. ‘के’ म्हणजे जुळलंच नाही, ‘पी’ म्हणजे वाकडं जुळलं. ‘एस’ म्हणजे मागे राहिलेला दोष.

या यादीत माझा जीव अडकतो तो ‘जी’पाशी. कारण बाकीची अक्षरं नोंदीतून बहुतेक आपोआप सापडतात आणि ‘जी’ सापडत नाही. आता माझ्यासमोर येते तशी एक नोंद पाहा. नावगाव काढून टाकलंय, भाषा मराठीत आणलीय: ‘वय 58. डाव्या दंडाचं फ्रॅक्चर, सोळावा आठवडा. दुखणं आहे, पूर्वीपेक्षा कमी. एक्स-रेमध्ये थोडा कॅलस, फट अजून दिसते. पट्टा चालू ठेवा. सहा आठवड्यांनी दाखवा.’ सही.

दंडाच्या हाडाचा दांडा साधारण आठ ते बारा आठवड्यांत जुळतो, हे तुम्हाला मी काय सांगावं! सोळाव्या आठवड्याला फट दिसतेय, म्हणजे काय चाललंय ते मला कळतं. फिजिओथेरपीच्या दुसऱ्या वर्षाच्या मुलीलाही कळेल. पण मी ‘जी’ लावू शकत नाही. कोडरनं निदान करायचं नसतं, डॉक्टरनं लिहिलेल्या निदानाला कोड लावायचा असतो. एक्स-रेचं वर्णन वाचून मी निष्कर्ष काढला तर ऑडिटमध्ये माझी चूक धरली जाते, आणि ती बरोबरच धरली जाते. त्यामुळे या माणसाला लागतो ‘डी’. हाड व्यवस्थित जुळतंय! सहा आठवड्यांनी तो परत येतो, पुन्हा तेच शब्द, पुन्हा ‘डी’. आणि मग एका भेटीत एकदम लिहून येतं की हाड जुळलेलं नाही, ऑपरेशन करून प्लेट टाकायची आणि कमरेच्या हाडातून कलम घ्यायचं. कोडांच्या रांगेत ‘डी’, ‘डी’, ‘डी’ आणि अचानक ‘के’. विमा कंपनीचा माणूस विचारतो, सगळं व्यवस्थित होतं तर एवढं मोठं ऑपरेशन कशाला?

अशा वेळी आमच्याकडे एक मार्ग असतो, त्याला आम्ही क्वेरी म्हणतो. डॉक्टरला विचारायचं. पण विचारण्यालाही शिस्त आहे. ‘हे उशिरा जुळणारं हाड आहे ना?’ असं विचारता येत नाही, ते तोंडात शब्द घालणं झालं. दुखापतीची तारीख, एक्स-रेतली वाक्यं, पेशंटची तक्रार हे सगळं मांडायचं आणि पर्याय द्यायचे: नेहमीप्रमाणे जुळतंय, उशिरा जुळतंय, जुळलं नाही, इतर काही, आत्ता ठरवता येत नाही. बऱ्याच डॉक्टरांना क्वेरी म्हणजे कटकट वाटते. उत्तर येतं, पण बिल पाठवायची मुदत टळायला आल्यावर. (पुण्यातली कोणीतरी बाई आपल्या एक्स-रेबद्दल प्रश्न विचारतेय, याची गंमतही काहींना वाटत असावी.)

किती आठवडे झाले की ‘उशीर’ म्हणायचा, हे कोडपुस्तकात दिलेलं नाही. मला ते योग्य वाटतं. तो निर्णय तुमचा. आडवं मोडलेलं हाड आणि पीळ पडून मोडलेलं हाड एका घड्याळावर चालत नाहीत. सिगारेट ओढणाऱ्याचं, मधुमेह हाताबाहेर गेलेल्याचं हाड हळू चालतं. एडिनबराच्या डॉक्टरांनी दंडाच्या हाडासाठी एक गुणपद्धत काढली आहे: सहाव्या आठवड्याला दोन बाजूंनी एक्स-रे काढायचा, हाडाच्या चार कडा पाहायच्या, प्रत्येक कडेला 1 ते 3 गुण द्यायचे. बेरीज 4 ते 12 मध्ये येते आणि ती 8 च्या खाली असेल तर हाड न जुळण्याचा धोका जास्त. म्हणजे अंदाज सहाव्या आठवड्यालाही बांधता येतो. तो मनात असतोच, अनुभवी डॉक्टरच्या तर नक्कीच असतो. कागदावर मात्र येतं ते ‘पुढच्या महिन्यात पाहू’.

‘जी’ आणि ‘के’ यांच्यामध्ये पैसा कसा उभा असतो, तेही पाहा. अमेरिकेत 65 वर्षांपुढच्यांसाठी मेडिकेअर नावाचा सरकारी विमा आहे. हाडावर घरच्या घरी अल्ट्रासाउंड देणारं एक यंत्र मिळतं. मेडिकेअर त्याचे पैसे न जुळलेल्या हाडासाठी देतं. उशिरा जुळणाऱ्या हाडासाठी देत नाही, ताज्या फ्रॅक्चरसाठीही देत नाही. आणि हाड जुळलेलं नाही हे दाखवायला उपचारापूर्वीचे एक्स-रेचे निदान दोन संच लागतात, दोहोंत कमीत कमी 90 दिवसांचं अंतर असलेले. नियम कठोर वाटेल, पण त्यात एक गोष्ट सरळ मान्य केलेली आहे: ‘उशीर’ ही स्वतंत्र अवस्था आहे, तिची तारखेसह नोंद हवी, आणि पुढच्या अवस्थेचा पुरावा त्या नोंदीतूनच उभा राहतो. मधली नोंदच नसेल तर 90 दिवस मोजायचे कुठून?

तुम्ही म्हणाल, हे अमेरिकेचं अमेरिकेला लखलाभ. आमच्याकडे अर्ध्या पेशंटची फाईल म्हणजे त्यांच्या पिशवीतला चुरगळलेला केसपेपर आणि नायलॉनच्या दोरीनं बांधलेले एक्स-रे. मान्य. पण मला बोलायचं आहे ते इथलंच.

भारतात वापरायची ती जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-10. केंद्र सरकारच्या इलेक्ट्रॉनिक आरोग्यनोंदींच्या मानकांत तीच आहे. विम्याच्या दाव्याच्या फॉर्मचा जो भाग हॉस्पिटलनं भरायचा असतो, त्यातही आयसीडी-10 कोडचा रकाना असतो. मूळ पद्धतीत अमेरिकेसारखं सातवं अक्षर नाही. तिथं दंडाच्या दांड्याचं फ्रॅक्चर म्हणजे एस42.3, आणि उशिरा जुळणाऱ्या हाडाला वेगळं घर दिलंय: एम84.2. न जुळलेल्याला एम84.1. जागा दाखवायला पुढे 2 जोडला की दंड, आणि या मांडणीत कोपराचा सांधाही दंडातच धरलेला आहे. म्हणजे ‘दंडाचं हाड उशिरा जुळतंय’ हे भारतातही पाच खुणांत लिहिता येतं: एम84.22. कोड आहे, रकाना आहे, लिहिणारं कुणी नाही. मी पाहिलेल्या देशी कागदांवर चौथ्या महिन्यातही एस42.3 च असतं, जणू हात काल मोडला. काही ठिकाणी बिलिंगच्या मुलानं इंटरनेटवरून अमेरिकन कोड उचलून सातव्या अक्षरासकट चिकटवलेला असतो. आपल्याकडच्या पद्धतीत तो कोडच नाही. त्या मुलाला दोष देऊन उपयोग नाही. त्याच्यासमोरच्या कागदावर एक हॅशची खूण, ‘शाफ्ट ह्युमरस’ आणि एक तारीख, एवढंच असतं.

सरकारी योजनांची तर दृष्टीच आखूड आहे. आयुष्मान भारत योजनेत घरी सोडल्यानंतरचे 15 दिवस धरलेले आहेत. पंधरा दिवसांत टाके निघतात. हाड रेंगाळणार आहे की नाही हे कळायला महिने लागतात. म्हणजे दंडाच्या हाडाची ही सगळी रखडपट्टी योजनेच्या नजरेपलीकडे, पेशंटच्या स्वतःच्या खर्चानं होते. ते बदलणं तुमच्या हातात नाही, ठाऊक आहे. पण बदला म्हणून कुणी मागणी करायची ठरवली, तर आकडे कुठून आणणार? ते तुमच्याच केसपेपरमधून यायला हवेत.

आता कळीचा मुद्दा. त्यासाठी भोसरी, चाकण किंवा वाळूजच्या कारखान्यात पंधरा-अठरा हजारांवर काम करणारा एखादा ऑपरेटर डोळ्यांसमोर आणा. रविवारी गावी गेला, घराच्या ओट्यावरून पडला, उजवा दंड मोडला. कामावर झालेली इजा नाही, त्यामुळे कामाच्या अपघाताचे जास्तीचे फायदे नाहीत. कर्मचारी राज्य विमा योजनेत, म्हणजे आपल्या बोलीत ईएसआयमध्ये, त्याला आजारपणाचा भत्ता मिळतो: वर्षात जास्तीत जास्त 91 दिवस, पगाराच्या 70 टक्के दरानं. दंडाचं हाड वेळेत जुळलं तर तेवढ्यात भागतं. नाही जुळलं तर ब्याण्णवाव्या दिवशी भत्ता बंद आणि उजव्या हातानं लिव्हर ओढता येत नाही म्हणून पगारही बंद.

पण याच योजनेत दीर्घकाळच्या आजारांची एक यादी आहे, 34 आजारांची. क्षयरोग, कुष्ठरोग, कर्करोग वगैरे. त्या यादीत, डॉक्टर, ‘न जुळलेलं किंवा उशिरा जुळणारं फ्रॅक्चर’ ही नोंद आहे. यादीतला आजार असेल आणि नोकरीची दोन वर्षांची अट वगैरे पुरी होत असेल, तर भत्ता पगाराच्या 80 टक्के दरानं मिळतो आणि तो दोन वर्षांपर्यंत वाढवता येतो. म्हणजे ‘पट्टा चालू ठेवा, पुढच्या महिन्यात पाहू’ असं लिहिलेल्या कागदावर या माणसाला ब्याण्णवाव्या दिवसापासून शून्य, आणि ‘डिलेड युनियन’ असं लिहिलेल्या कागदावर पगाराचे 80 टक्के मागायचा हक्क. हाड तेच, एक्स-रे तोच, डॉक्टरही तोच.

त्या कामगाराला ही यादी ठाऊक नसते. पुष्कळदा त्याच्या कारखान्यातल्या एचआरलाही नसते. तो तुम्हाला विचारणार नाही की साहेब, तेवढे दोन शब्द लिहा. ते तुम्हालाच सुचायला हवेत, आणि अंदाजे पंच्याऐंशीव्या दिवशी सुचायला हवेत, शंभराव्या नव्हे.

तुम्ही हे का लिहीत नाही, यावर मी बराच विचार केला आहे. घाई हे एक कारण आहेच. सकाळी दोनशे पेशंटची ओपीडी काढणाऱ्या माणसाकडून सुंदर हस्ताक्षर आणि सविस्तर नोंद कोण मागेल? पण घाईइतकीच भीतीही असावी असं मला वाटतं. 1995 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं पैसे घेऊन दिलेली वैद्यकीय सेवा ग्राहक कायद्याखाली आणली, तेव्हापासून तुमच्या प्रत्येक ओळीकडे उद्या कुणी वकील पाहील, ही धास्ती तुमच्या पेनात बसलेली आहे. ‘उशीर’ लिहिलं की नातेवाईक म्हणणार, उशीर कुणामुळे? प्लास्टर चुकलं का? दुसरीकडे न्यायचं का? शेजारच्या बेडवरचा सांगणार, आमच्या भाच्याचं तर दीड महिन्यात जुळलं. त्यापेक्षा गोड बोलून महिना पुढे ढकललेला बरा.

भीती खोटी नाही. पण कागद उलट्या बाजूनं वाचून पाहा. बाराव्या आठवड्याला ‘जुळायला उशीर होत आहे, पेशंट रोज वीस सिगारेट ओढतो, बंद करायला सांगितलं, साखर वाढलेली, फिजिशियनकडे पाठवलं, आणखी सहा आठवडे पाहून ऑपरेशनचा विचार’ असं ज्या डॉक्टरनं लिहिलं, त्याच्या हातात उद्या काहीतरी असतं. कोडिंगमध्येही तंबाखूच्या व्यसनाला, मधुमेहाला स्वतंत्र कोड आहेत आणि ते फ्रॅक्चरच्या कोडशेजारी बसले की हाड का रेंगाळलं हे कागदच सांगतो. ज्यानं चार भेटींत ‘ठीक आहे’ लिहिलं आणि पाचव्या भेटीत प्लेट टाकायला सांगितलं, त्याच्याजवळ सांगायला फक्त तोंडी आठवण उरते. कोर्टात किंवा विमा कंपनीत तिला काय किंमत मिळते, हे मी वेगळं सांगायला नको.

हाडवैद्यांचाही विषय यात येतो, थोडक्यात सांगते. आपल्याकडे दंड मोडला की बांबूच्या कामट्या आणि लेप लावून दोन-अडीच महिने काढणारे लोक शहरातही आहेत. ते तुमच्याकडे येतात तेव्हा फ्रॅक्चर जुनं असतं, उपचार मात्र पहिल्यांदा होत असतो. अमेरिकन नियमांत यासाठी खास तरतूद आहे. पेशंटनं उपचाराला यायलाच उशीर केला असेल, तर तुमची पहिली भेट पहिली म्हणूनच कोडायची. म्हणजे हाडाला झालेला उशीर वेगळा आणि माणसाला झालेला उशीर वेगळा. केसपेपरवर ‘दहा आठवडे बाहेर उपचार’ एवढं लिहिलं तरी हे दोन उशीर वेगळे होतात. नाहीतर त्या कामट्यांचा हिशेब तुमच्या नावावर चढतो.

आणि एक अभ्यास. दंडाच्या हाडासाठी प्लास्टरऐवजी पट्टा रूढ करणारे अमेरिकेतले डॉ. ऑगस्टो सार्मिएंतो. 2000 साली त्यांनी आणि सहकाऱ्यांनी पट्ट्यानं उपचार केलेल्या 922 पेशंटचा अभ्यास प्रसिद्ध केला. बंद फ्रॅक्चरमध्ये हाड न जुळण्याचं प्रमाण दोन टक्क्यांहून कमी, उघड्या फ्रॅक्चरमध्ये सहा टक्के. दंडाचं हाड पट्ट्यात छान जुळतं, या विश्वासाला या अभ्यासानं मोठा आधार दिला. पण हे आकडे शेवटपर्यंत पाहता आलेल्या 620 जणांचे आहेत. उरलेल्या 302 जणांचं काय झालं? काहींचं उत्तम जुळलं असेल आणि यायचं कारण उरलं नसेल. काही दुसऱ्या डॉक्टरकडे गेले असतील. काही हात तसाच लोंबता ठेवून कामाला लागले असतील. ज्यांचं हाड रेंगाळतं तेच कंटाळून यायचं थांबवतात, अशी मला शंका आहे. ती सिद्ध करायला माझ्याजवळ काही नाही. तुमच्याजवळ असू शकतं.

म्हणून मागणी अशी. फ्रॅक्चरच्या प्रत्येक पुढच्या भेटीला चार गोष्टी लिहा: दुखापतीची मूळ तारीख, आजचा आठवडा, एक्स-रेत काय दिसलं, आणि तुमचा निकाल. निकालाचे पर्याय साधारण मघासारखेच: जुळतंय, उशिरा जुळतंय, जुळलं नाही, वाकडं जुळलं, आत्ता ठरवता येत नाही. हा शेवटचा पर्यायही चालेल, तोही निकालच आहे. याचा रबरी शिक्का करून घेता येईल. टेबलावरच्या सिस्टरनं तारीख आणि आठवडा भरायचा, तुम्ही फक्त एका चौकटीत टिक करायची. इंग्रजीत लिहा, मराठीत लिहा, पण संक्षेपांत लिहू नका. तुमच्या विभागात ‘डी. यू.’ म्हणजे काय हे तुम्हाला माहीत असतं, पुढच्या गावातल्या डॉक्टरला असेलच असं नाही.

ईएसआयचा पेशंट असेल तर शिक्क्याशेजारी रजेचा कितवा दिवस आहे तेही लिहून घ्या. आणि जो यायचा थांबला, त्याच्या फाईलवर शेवटच्या भेटीत हाड कोणत्या अवस्थेत होतं ते ठळक लिहून ठेवा. फोन नंबर असेल तर रिसेप्शनवरच्या मुलीला एकदा फोन करायला सांगा. हात खांद्याच्या वर जातो का, एवढंच तिनं विचारायचं आणि उत्तर तारखेसह फाईलवर लिहायचं.

कळावे,
आपली नम्र,
एक मेडिकल कोडर, पुणे